उशिराचा रकाना

"नंबर पडला काय?"

माझ्या टेबलाशी येऊन ते आधी हेच विचारायचे. नमस्कार नाही, कसं काय नाही, बसा म्हटलं तर बसणं नाही. चष्मा कपाळावर चढवायचा, कागद नाकाला लागेल इतका जवळ घ्यायचा, प्रत्येक ओळीखाली बोट फिरवायचं आणि शेवटी तो प्रश्न. अर्जावर आवक नंबर पडला काय, पोस्टाच्या पावतीवर नंबर नीट उमटला काय, केसला नंबर पडला काय. एकदा मी चिडून म्हटलं, "काका, माझ्या कपाळावर पण टाकून घ्या एखादा." तर अगदी गंभीरपणे म्हणाले, "हसू नको, बाई. नंबर पडलेली वस्तू हरवत नाही."

मी जबलपूरच्या कचेरीत टिनाच्या शेडखाली टायपिंग करते. आधी मशीन होतं, आता कॉम्प्युटर आणि एक कागदखाऊ प्रिंटर. अख्खी कचेरी मला दीदी म्हणते, आणि माझ्या तोंडाला जरा घाबरूनच असते. घाबरावंच. दिवसभर दुसऱ्यांची रडगाणी "सविनय निवेदन है कि" अशी सुरू करून टाइप करायची आणि वर गोड बोलायचं, हे माझ्याच्यानं होत नाही. तुम्ही कधी कचेरीत आला असाल तर तुम्हीही असे लोक पाहिले असतील: प्लॅस्टिकच्या पिशवीत कागद, पिशवीला रबर, आणि चेहऱ्यावर असा भाव की आत कोणीतरी आपलीच वाट पाहत बसलं आहे. हे काका त्यातलेच. पण त्यांच्या पिशवीतले कागद तारखेप्रमाणे लावलेले होते.

मराठी माणूस हिंदीत कितीही मुरला तरी मोजायला लागला की मराठीत मोजतो. पहिल्या दिवशी ते माझ्यासमोर पानं मोजत होते: "चार, पाच, सहा." मी मान वर केली आणि म्हटलं, "कोणत्या गावचे?" तेही चमकले. मूळ वर्धेकडचे, तीन पिढ्या जबलपुरात, घर कांचघरला. आमचं अधारतालला. झालं, नातं जुळलं.

त्यांना एक स्मरणपत्र टाइप करून हवं होतं. मुलीच्या केसचं काय झालं, एवढंच विचारायचं होतं पोलीस ठाण्याला, तेही अगदी अदबीनं. "नाराज नाही व्हायला पाह्यजेत ते लोक," म्हणाले. "केस तर त्यायनं दुसऱ्याच दिवशी लिहिली. हा नंबर." पिशवीतून एक चिठ्ठी काढून त्यांनी माझ्यापुढे ठेवली. चार महिने जपलेली चिठ्ठी होती. वर निळ्या शाईनं लिहिलं होतं, मर्ग क्रमांक अमुक.

माझी बोटं थांबली.

कचेरीत रोज वावरणाऱ्याला जे माहीत असतं ते बाहेरच्याला माहीत नसतं, म्हणून सांगते. मर्ग म्हणजे एक माणूस मेला याची नोंद. तो कसा मेला, कोणाच्या चुकीनं मेला, याबद्दल गुन्हा लिहिला तर त्याला एफआयआर म्हणायचं. मर्ग प्रत्येक अशा मरणाचा निघतो. त्यानं कोणाच्या केसाला धक्का लागत नाही.

"काका, ही एफआयआर नाही."

"नंबर तर पडला आहे."

"मेल्याचा नंबर आहे हा. गुन्ह्याचा नाही."

त्यांनी चिठ्ठी उचलली, चष्मा वर केला, परत वाचली. मग पानं पुन्हा मोजायला लागले. सहाच होती.

मला त्यांचा राग आला होता, खरं सांगते. चार महिने! शिकला-सवरलेला माणूस, आणि चार महिने एका चिठ्ठीवर निवांत बसला? पण तो राग फार टिकला नाही. ते संरक्षण खात्याच्या कारखान्यात तपासनीस होते, छत्तीस वर्षं. तिथं मालाच्या लॉटवर एकदा नंबर पडला की तो आपल्या वाटेनं जातो. पुढच्या टेबलावर जाऊन "माझ्या लॉटचं काय झालं" असं विचारणं म्हणजे त्या माणसाला कामचुकार म्हणणं. तो अपमान ते ठाण्यातल्या कागद लिहिणाऱ्या मुन्शीचा करू इच्छित नव्हते. घरी येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला सांगत होते, केस चालू आहे, नंबर पडला आहे.

"दुसऱ्या दिवशी लेखी दिलं होतं ना तुम्ही? त्याची पोच?"

"पोच कायले? नंबर दिला ना त्यायनं."

अर्ज एकच होता, हातानं लिहिलेला. तो ठाण्यात दिला आणि बदल्यात ही चिठ्ठी घेऊन हे घरी आले. मी कपाळावर हात मारून घेतला. तेव्हा मला वाटलं होतं, हे निस्तरता येईल.

मुलीचं नाव रेणू. एकुलती एक. रिछाईला पत्र्याचे डबे बनवणाऱ्या एका छोट्या कारखान्यात तयार माल तपासायची. बापाचंच काम, बापानंच शिकवलेलं. घरी जेवताना दोघं डब्याच्या कडांवर भांडायचे, असं काकू सांगतात. तिथल्या एका मशीनच्या पट्ट्यावरची जाळी कोणीतरी तेल घालायला काढली होती आणि परत लावलीच नव्हती. रेणूनं घरी सांगितलं होतं, "बाबा, रोज म्हणून राहिली मी, कोणी ऐकत नाही." हे म्हणाले होते, "लिहून दे." त्याच आठवड्यात तिची ओढणी त्या पट्ट्यात गेली.

मालकाच्या गाडीतून तिला खासगी दवाखान्यात नेलं. तिथं मालकाच्या माणसांनी सांगितलं, मुलगी स्कूटीवर होती, दुपट्टा चाकात अडकला, वळणावर पडली. दवाखान्यानं ते लिहिलं. दवाखान्यानं लिहिलं ते ठाण्यानं लिहिलं. गळ्याभोवतीचा वण शवविच्छेदनात आला, पण दुपट्टा चाकात गेला काय आणि मशीनमध्ये गेला काय, वण सारखाच. सगळं कसं चोख बसलं. फक्त एक गोष्ट त्यांच्या लक्षात राहिली नाही. मुलीचा बाप तपासनीस होता.

आठ-दहा दिवसांनी ठाण्यानं स्कूटी घरी दिली. त्यांनी ती अंगणात स्टँडवर लावली, भिंग घेतलं आणि तिच्याभोवती दोन दिवस बसले. काकूंना वाटलं, डोक्यावर परिणाम झाला. तिसऱ्या दिवशी त्यांनी रेघांच्या कागदावर, कारखान्यात लिहायचे तशा हिंदीत, तपासणीचा अहवाल लिहिला. मी तो टाइप केला आहे, म्हणून मला अजून पाठ आहे. मागच्या चाकात एक धागा नाही. चालती गाडी घसरली तर ओरखडे लांबीनं जातात, हे सगळे वरून खाली आहेत. आरसा शाबूत, हँडलची मूठ शाबूत, ठोकर फक्त एका जागी, तीही हातोडीच्या तोंडाएवढी. आणि खाली शेवटची ओळ: "निष्कर्ष: वाहन गिरा नहीं, गिराया गया है." त्याखाली पूर्ण सही, लफ्फेदार, अर्धी ओळ भरेल एवढी मोठी.

इतकी वर्षं अर्ज टाइप करून माझं मन निबर झालं आहे असं मी समजत होते. त्या कागदाला मी पैसे लावले नाहीत. त्यावर ते भांडले, तो भाग निराळा.

दवाखान्यानं रेणूचे कपडे परत दिले होते. कुर्ता होता, सलवार होती, एक चप्पल होती. ओढणी नव्हती. म्हणून प्रत्येक अर्जाच्या शेवटी त्यांना एक ओळ हवीच असायची: "मृतिका की ओढ़नी जब्त की जाए." त्यावर मशीनचं तेल असणार, हे त्यांना माहीत होतं. मी कधी ती ओळ गाळली तर बोट बरोबर रिकाम्या जागेवर येऊन थांबायचं. "बाई, एक ओळ सुटली."

मग सुरू झाल्या फेऱ्या.

ठाण्यात काय झालं ते शेडखाली येऊन नकला करून दाखवायचे. दोन्ही भूमिका स्वतःच. मुन्शी झाले की पोट पुढे काढायचे. "दादा, मर्ग जाँच चल रही है. जाँच में कुछ आएगा तो लिखेंगे." मग स्वतः होऊन, दोन्ही हात पाठीमागे: "कब तक आएगा, साहब?" पुन्हा पोट पुढे: "आएगा तब बताएँगे ना." एकदा ठाणेदारांना त्यांनी अहवाल दाखवला, मी तपासनीस होतो म्हणून सांगितलं. ठाणेदार म्हणाले, "आप वहाँ के इंस्पेक्टर थे. यहाँ का इंस्पेक्टर मैं हूँ." हे सांगताना ते हसले. आजूबाजूचे दोन-तीन वकीलही हसले. मी हसले नाही. माझा प्रिंटर अडकला होता, मी तो बडवत होते.

ठाणं लिहीत नसेल तर कायदा सांगतो, एसपीसाहेबांना लेखी कळवा. कळवलं. पोस्टानं कळवलं, आणि मग मंगळवारी साहेब लोकांच्या तक्रारी समोर ऐकतात त्या जनसुनवाईतही गेले. त्या दिवशी इस्त्रीचा शर्ट, निवृत्तीच्या समारंभातला कोट, पॉलिश केलेले बूट. आत साहेबांनी दोन मिनिटं ऐकलं, कागदावर हिरव्या शाईनं काहीतरी लिहिलं, नंबर टाकायला लावला. हे असे खूश होऊन आले जणू पोरीला न्यायच मिळाला.

मी कागद वाचला. "थाना प्रभारी, नियमानुसार कार्यवाही करें."

"काका, हा कागद परत त्याच ठाण्यात चालला आहे."

"वरून आदेश आहे ना पण."

अरे देवा. ज्याच्याविरुद्ध तक्रार, त्याच्याच टेबलावर तक्रार! तीन आठवड्यांनी ठाण्यातून फोन आला आणि मुन्शीनं फक्त एवढंच विचारलं, "काहे ऊपर गए थे, दादा? हमसे क्या नाराजी है?" "नाराजी नाही म्हटलं मी," मला सांगत होते. "खरंच नाही ना. फक्त लिहा म्हणून राहिलो." माझ्या तोंडात जे आलं ते मी इथं लिहीत नाही.

या सगळ्यात त्यांच्या खोडी चालूच होत्या. माझ्या खुर्चीचा एक पाय हलायचा. मी कित्येक वर्षं त्याखाली घडी घातलेला पुठ्ठा ठेवून काम भागवत होते. त्यांनी एक दिवस पुठ्ठा काढून फेकला, मापं घेतली आणि दुसऱ्या दिवशी नेमका बसणारा रबराचा तुकडा आणून ठोकला. चहाचा ग्लास आला की आधी कडेवरून बोट फिरवायचं. कुठं टवका उडाला असला की परत. चहावाला वैतागला, मग त्यानं एक ग्लास वेगळाच काढून ठेवला आणि लांबूनच ओरडायचा, "साहब का पास किया हुआ आ रहा है!" काकू त्यांच्याबरोबर माझ्यासाठी तिखटमिठाच्या पुऱ्या पाठवायच्या. त्या मात्र ते न तपासता द्यायचे.

एसपींकडून काही झालं नाही की पुढची पायरी मॅजिस्ट्रेटची. कोर्टानं ठाण्याला आदेश द्यावा, गुन्हा लिहा आणि तपास करा, असा अर्ज शपथपत्रासह द्यायचा. माझ्या ओळखीचे एक वकील होते, माणूस भला, पण एका वेळी चार कोर्टांत असायचा. अर्ज मी टाइप केला. तेव्हा नुकतेच कायद्याचे आकडे बदलले होते आणि माझ्या बोटांत जुनं कलम बसलेलं. जुनंच टाइप झालं, वकिलांनीही घाईत पाहिलं नाही, कागद दुरुस्तीला परत आला आणि एक तारीख वाया गेली. मी तोंड लपवत होते. हे म्हणाले, "होते, बाई. मशीन बदललं की पहिला लॉट खराबच जाते."

कोर्टानं आधी ठाण्याचा अहवाल मागवला. तो यायला किती तारखा गेल्या ते मी मोजलं नाही; त्यांनी मोजलं होतं. आला तेव्हा दीड ओळीचा होता: जाँच में कोई संज्ञेय अपराध घटित होना नहीं पाया गया. म्हणजे दखल घ्यावी असा गुन्हा घडलाच नाही. त्यांनी तो दोन्ही बाजूंनी पाहिला, मागं काही लिहिलं आहे का ते.

"बाई, स्कूटी माझ्या अंगणात आहे. पाहायला कोणीच नाही आलं. मग तपासलं काय त्यायनं?"

"काहीच नाही, काका."

"मग तपासणीचा कागद कसा काय दिला?"

त्यांच्या कारखान्यात असं केलं असतं तर नोकरी गेली असती. इथं असं केल्यावर फाईल पुढं सरकते.

पण त्या खुर्चीवर त्या वर्षी एक तरुण मॅजिस्ट्रेटबाई आल्या होत्या. त्यांनी ठाण्याचा कागद बाजूला ठेवला आणि स्कूटीच्या अहवालाचं पान दोनदा वाचलं. कोर्टात मी दाराशी उभी होते, मी पाहिलं. पुढच्या तारखेला आदेश निघाला: ठाण्यानं गुन्हा नोंदवावा आणि तपास करावा. रेणू जाऊन तोवर दोन वर्षं होत आली होती. काका शेडखाली आले ते खोव्याच्या जलेबीचा पुडा घेऊनच. टायपिस्ट, वकील, चहावाला, ज्यांच्याशी कधी बोलले नव्हते त्यांनाही दिली. माझ्याही डोळ्यांत पाणी आलं, आणि मी प्रिंटरला शिव्या देऊन ते झाकलं.

आदेश ठाण्यात पोचला तरी रोज नवं कारण. साहेब बंदोबस्तात आहेत. साहेब रजेवर आहेत. ऑपरेटर नाही. अखेर एक दिवस बोलावणं आलं. वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले. काकूंचा मला फोन, "तू जा ना, बाई, संग. एकटे नको जायला ते." मी टेबलावर कपडा टाकला आणि गेले.

ठाण्यात तीन तास बसवलं. मग मुन्शीनं टाइप केलं, प्रिंट काढली, पेन पुढं केलं. "लो दादा, हो गया आपका काम. साइन करो, चाय पियो."

त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. बोट पहिल्या ओळीखाली ठेवलं. मुन्शीनं माझ्याकडे पाहून डोळे फिरवले. बोट दुसऱ्या पानावर गेलं आणि तिथं एका रकान्यावर थांबलं. एफआयआरच्या छापील नमुन्यात एक रकाना असतो, तक्रारदारानं उशिरा तक्रार करण्याचं कारण. मुन्शीनं त्यात भरलं होतं: "फरियादी स्वयं विलंब से उपस्थित आया."

"यह गलत है," काका म्हणाले. "मैं दूसरे दिन आया था. आपने ही नंबर दिया था."

"दूसरे दिन का कोई आवेदन रिकॉर्ड में नहीं है. पावती है आपके पास?"

नव्हती. तुम्हाला माहीत आहे, नव्हती.

"तो देरी का क्या लिखूँ, आप ही बताओ. लिख दूँ कि थाने ने नहीं लिखा? अपने ही थाने के ख़िलाफ़?"

"सच लिखिए."

"दादा, कंप्यूटर में चढ़ गया. अब साइन करो, नहीं तो मैं लिख देता हूँ कि फरियादी ने हस्ताक्षर से इनकार किया. फिर जाओ कोर्ट, फिर लाओ ऑर्डर."

काका माझ्याकडे वळले. मराठीत म्हणाले, "बाई, हे तर खोटं आहे."

आता मी जे सांगणार आहे त्यासाठीच खरं तर हे सगळं लिहायला बसले. मी तीन तास लाकडी बाकावर बसून कंटाळले होते. सकाळपासून पोटात काही नव्हतं. टेबलावर माझी चार कामं पडली होती. आणि मला मनापासून भीती वाटली की आज हा कागद हातचा गेला तर पुन्हा दोन वर्षं जातील, आणि दोन वर्षं या माणसाकडे नाहीत. यातलं खरं कारण कोणतं, ते मी अजून स्वतःलाच विचारते. मी म्हटलं, "काका, करा सही. वकीलसाहेब पुढे सांभाळून घेतील. एवढ्याशा रकान्यानं काय होतं?"

"काही नाही होत म्हणते?"

"काही नाही होत."

त्यांनी खिशातून स्वतःचं पेन काढलं. सगळ्या पानांवर सह्या केल्या, अगदी खाली कोपऱ्यात, मुंगीएवढ्या. मुन्शीनं प्रत दिली, वर गुन्ह्याचा नंबर होता. त्यांनी तो पाहिला नाही. प्रत घडी करून माझ्या हातात दिली. रिक्षानं कांचघरला आलो. उतरताना फक्त म्हणाले, "चलो, बाई. तुझा दिवस मोडला आज."

वकिलांना सांगितलं तर ते म्हणाले, "अरे दीदी, इतना तो चलता है, बयान में ठीक कर लेंगे." वकील असंच म्हणतात.

तपास झाला म्हणायचा. पोलीस कारखान्यात गेले. ते मशीन विकलं गेलं होतं. त्या जागी नवं होतं, पट्ट्यावर नवी कोरी जाळी, हिरवा रंग दिलेली. कामगारांपैकी कोणीच काही पाहिलं नव्हतं. कॅमेऱ्याचं जुनं काही शिल्लक नव्हतं. ओढणीबद्दल विचारलं होतं का, हे मी विचारलं, तर मुन्शी म्हणाला, "कौन सी ओढ़नी?"

त्यानंतर ते शेडखाली आले, दोनदा की तीनदा. पहिल्यांदाच समोरच्या बाकावर बसले. चहा आला तर ग्लास हातात घेऊन तसाच प्याले. मी म्हटलं, "काका, बरं नाही का?" म्हणाले, "बरं आहे ना." मग थोडा वेळ बसून उठून गेले. मला तेव्हाच विचारायला हवं होतं. मी विचारलं नाही, कारण ते काय सांगतील ते मला ठाऊक होतं.

एका सकाळी आंघोळीसाठी पाणी काढायला गेले आणि न्हाणीघराच्या उंबऱ्यावरच बसले. काकू टॉवेल घेऊन गेल्या तेव्हा संपलं होतं. मला दुपारी कळलं. मी गेले तेव्हा अंगणात स्कूटी स्टँडवर उभी होती आणि लोकांनी तिच्या सीटवर हार ठेवले होते.

ते जाऊन काही महिन्यांनी काकू कचेरीत आल्या. त्या कधी आल्या नव्हत्या. विचारत विचारत शेडपर्यंत पोचल्या. पिशवीत एक नोटीस होती, काकांच्याच नावानं. "वाच ना, बाई. कचेरीची हिंदी मले नाही समजत."

ठाण्यानं खात्मा लावला होता. म्हणजे तपासात काही निघालं नाही, फाईल बंद करावी. तक्रारदाराला हरकत असेल तर त्यानं कोर्टात येऊन सांगावं, अशी नोटीस. बघा, कायद्यात अजूनही वाट होती. असतेच. चालणारा माणूस तेवढा संपतो.

मी वाचायला लागले. अहवालात लिहिलं होतं, "घटना की रिपोर्ट अत्यधिक विलंब से की गई. विलंब का कारण फरियादी ने स्वयं का देरी से उपस्थित होना बताया है एवं हस्ताक्षर किए हैं. इसी विलंब के कारण घटनास्थल के साक्ष्य प्राप्त नहीं हो सके." मी हे मराठीत सांगितलं. काकू ऐकत होत्या.

"म्हणजे आमच्यामुळेच राहिलं, असं म्हणून राहिले ते?"

"हो."

"पण हे तर दुसऱ्याच दिवशी गेले होते. मी भाकर वाढून ठेवली होती, न जेवता गेले होते." त्यांना ते अजून आठवत होतं. "मग सही काहून केली त्यायनं?"

शेडमध्ये नेहमीचा गोंधळ होता. शेजारच्या टेबलावर कोणी भाडेकरारावरून भांडत होतं. मी ठरवलं असतं तर "माहीत नाही" म्हणून सुटले असते.

"मी म्हटलं होतं, काकू. करा म्हणून. काही होत नाही म्हणून."

काकू माझ्याकडे पाहत राहिल्या. वाटलं, आता बोलतील, चार लोकांत बोलतील, बोलल्या तर बरं होईल. त्यांनी नोटीस माझ्या हातातून घेतली आणि पिशवीत ठेवली.

"त्या दिवशी घरी आले ना," त्या म्हणाल्या, "तर चपला नाही काढल्या. तसेच पलंगावर बसले. म्हणे, छत्तीस वर्षांत एक माल चुकीचा पास नाही केला, आज पोरीचा केला."

मी टेबलाकडे बघत होते.

काकू उठल्या, पदर सावरला आणि जाता जाता माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"तुझं नाव नाही घेतलं त्यायनं," म्हणाल्या.